देवगिरीचा किल्ला: घेता न येणारा, तरीही गेलेला

संभाजीनगरहून वेरूळच्या रस्त्याला लागलं की पंधरा-सोळा किलोमीटरवर दौलताबादचा, म्हणजे जुन्या देवगिरीचा, डोंगर समोर येतो आणि गाडीतला कोणीतरी ठरलेलं वाक्य टाकतो, "हा किल्ला कधीच कुणाला जिंकता आला नाही." पर्यटनाच्या पत्रकांत हेच वाक्य इंग्रजीत असतं. कधी इम्प्रेग्नेबल, कधी अनअसेलेबल, कधी इन्व्हिन्सिबल. स्पर्धा परीक्षेच्या शब्दपुस्तिकेत तिन्ही शब्दांपुढं एकच अर्थ छापलेला सापडतो: अजिंक्य. पोरं तेवढं पाठ करून जातात आणि रिकाम्या जागा भरताना गडबडतात, कारण पर्यायांत ही सगळी भावकी शेजारी शेजारी बसलेली असते.

म्हणून हे परीक्षण जरा दुहेरी आहे. किल्ल्यात काय बघायचं, किती वेळ लागतो, कुठं पाय घसरतो हे तर सांगायचंच. पण हे तीन शब्द शिकवायला मराठवाड्यात याच्याइतकी चांगली जागा दुसरी नाही, तेही सांगायचं. प्रत्येक शब्दाचा इथं एकेक थांबा आहे. वर्गात फळ्यावर जे तासभर सांगून डोक्यात शिरत नाही, ते इथं चालता चालता शिरतं.

आधी व्यवहाराचं. पायथ्याच्या दारापासून माथ्यापर्यंत पायऱ्या साधारण सातशे-साडेसातशे. सावकाश, थांबत, बघत गेलं तर जाऊन-येऊन तीन तास धरा. नुसतं चढून उतरायचं तर दोनात होतं, पण मग जायचंच कशाला. ऑक्टोबर ते फेब्रुवारी हा काळ चांगला. एप्रिल-मेमध्ये दहा वाजताच काळा दगड तापतो आणि परतताना खालून-वरून दोन्हीकडून भाजून निघतं. पावसाळ्यात हिरवळ झकास असते, पण पायऱ्यांना शेवाळ धरतं. गुळगुळीत तळाच्या चपला घालून आलेले हमखास आपटतात. माणशी किमान लिटरभर पाणी खालूनच घ्या. खाण्याची पिशवी हातात लोंबकळत ठेवू नका, माकडं ती तुमच्याआधी उघडतात. मोबाइल पूर्ण चार्ज हवा, फोटोसाठी नाही, वरच्या 'अंधारी' या भुयारी वाटेत उजेडासाठी. एसटीनं यायचं तर मध्यवर्ती बसस्थानकावरून खुलताबाद-वेरूळकडे जाणाऱ्या गाड्या आहेत. सुट्टीच्या दिवशी स्वतःच्या गाडीनं उशिरा निघाल तर तटातून जाणाऱ्या रस्त्यावरच्या जुन्या वेशीत अडकाल. एकावेळी मोठी एकच गाडी जाईल एवढीच ती जागा. शत्रूची अडचण करायला बांधलेली वेस आजही काम चोख करते.

आता पहिला थांबा, खालचे दरवाजे. अंबरकोट, महाकोट, काळाकोट असे तटांचे पदर एकाच्या आत एक आहेत. महाकोटाच्या दारातून आत शिरलात की सरळ पुढचं दार दिसत नाही. एक वळण, मग छोटा बंदिस्त चौक, मग दुसरं वळण, मग दार. दारांवर लोखंडी अणकुचीदार खिळे आहेत ते हत्तीच्या मस्तकाच्या उंचीला. खिळ्यांचा फोटो सगळे काढतात. खरी करामत वळणात आहे. हत्ती दारावर धडकायचा तर त्याला धावायला वीस-पंचवीस पावलं तरी मोकळी हवीत. इथं तो वळेपर्यंतच वेग संपतो, आणि वळत असताना दोन्ही बाजूंच्या तटावरून मारा.

हाच अनअसेलेबल. त्यातला असेल हा भाग लॅटिनमधल्या उडी मारण्याच्या क्रियापदातून फ्रेंचमार्गे इंग्रजीत आला. असॉल्ट हा त्याचाच भाऊ. म्हणजे मुळात अर्थ असा, की ज्याच्यावर झेप घेता येत नाही. लक्ष द्या, यात जिंकण्या-हरण्याचा विषयच नाही. त्याच्या आधीची पायरी आहे: हल्ला सुरूच करता येत नाही. मराठी कोशात याला अनाक्रमणीय वगैरे शब्द सापडेल, पण तो बोलताना कोणाच्या तोंडात येत नाही. 'ज्याला हात घालायला जागाच नाही' हे आपलं खरं मराठी.

चौदाव्या शतकात मोरोक्कोचा प्रवासी इब्न बतूता इथून गेला. त्यानं लिहून ठेवलंय की वरच्या गडावर कातड्याच्या शिडीनं चढतात आणि रात्री ती शिडी वर ओढून घेतात. शिडी वर गेली की झेप घ्यायची कशावर? त्यानं इथल्या तुरुंगातल्या मांजरापेक्षा मोठ्या उंदरांचंही वर्णन केलंय, पण ते आपल्या विषयात बसत नाही.

दारातून पुढं आलात की हत्ती हौद, भारतमाता मंदिर आणि चाँद मिनार. मंदिराचा खांबांचा सभामंडप मुळात खिलजींच्या काळातल्या मशिदीचा, आणि त्यात त्याआधीच्या मंदिरांचे दगड; दहा मिनिटं द्या. चाँद मिनार पंधराव्या शतकातला, बहमनींचा. फोटो परतताना काढा. हत्ती हौदाकडं मात्र नीट बघा. बाजू सुमारे ३८ मीटर, खोली सहा मीटरच्या वर. क्षमता सुमारे १०,००० घनमीटर सांगतात, म्हणजे एक कोटी लिटर. उन्हाळ्यात टँकरची वाट बघणाऱ्या आपल्या गावांना हा आकडा लगेच कळेल: दहा हजार लिटरचे हजार टँकर. वेढ्यात पाणी संपून गड जातो, म्हणून हा खटाटोप. पाण्याची सोय भक्कम होती, धान्याची कुठं कच्ची राहिली ते पुढं येतं.

काळाकोटाजवळ चिनी महाल. गोवळकोंड्याचा शेवटचा कुतुबशहा अबुल हसन तानाशाह याला औरंगजेबानं १६८७ नंतर इथं कैदेत ठेवलं आणि तो इथंच वारला. महालाला लागून बुरुजावर मेंढा तोफ. मागच्या टोकाला मेंढ्याचं डोकं आहे म्हणून हे नाव. तिचं फारसी नाव किलाशिकन, म्हणजे किल्ला फोडणारी. किल्ला फोडणारी तोफ किल्ल्याच्याच बुरुजावर. ती खुंट्यावर फिरते, म्हणून एकाच बुरुजावरून भोवतालचा मोठा टापू तिच्या माऱ्यात येतो.

इथून दहा पावलं पुढं खंदकाच्या काठावर या आणि पुलावर लगेच चढू नका. या किल्ल्यातली सगळ्यात चांगली जागा हीच, आणि बहुतेक लोक इथून घाईत निघून जातात.

डोंगर सपाटीपासून सुमारे २०० मीटर उंच. त्याचा खालचा साधारण ५० मीटरचा भाग सगळीकडून तासून भिंतीसारखा उभा केलाय. हा बांधलेला तट नाही. डोंगरच सोलून काढलाय. जवळ गेलात तर छिन्नीचे घाव दिसतात. बोटांची नखं अडकावीत एवढीही कपार ठेवलेली नाही. पायाशी कातळात कोरलेला खंदक. यादव राजा पाचव्या भिल्लमानं बाराव्या शतकाच्या अखेरीस इथं राजधानी केली; नंतर ज्यानं ज्यानं किल्ला घेतला त्यानं त्यानं त्यात भर घातली.

पुलाकडे बघा. आता लोखंडी पूल आहे, पण त्याच्याखाली जुना दगडी पूल दिसतो. दोन्ही टोकांकडून तो उतरत जातो, मध्यभाग खोलगट. खंदकातलं पाणी वाढवलं की मधला भाग बुडतो आणि काठावर उभ्या माणसाला पूल किती खोल आहे, आहे की नाही, काही कळत नाही. उचलायच्या पुलाला साखळ्या लागतात, माणसं लागतात, बिघाड होतो. बुडवायच्या पुलाला फक्त पाणी.

इथं इम्प्रेग्नेबल हा शब्द आपोआप कळतो. यातला मधला तुकडा फ्रेंच प्रांद्र, म्हणजे घेणं. मूळ शब्द इम्प्रनाब्ल असा काहीसा. इंग्रजीत येता येता त्यात ग घुसला. त्या घुसलेल्या ग मुळं विद्यार्थ्यांना हा शब्द प्रेग्नन्सीच्या घरातला वाटतो, आणि वर्गात हशा पिकतो. नात्यानं तो तिथला नाही. मात्र सावध: तसाच दिसणारा दुसरा एक इम्प्रेग्नेबल कोशात आहेच, ज्याचा अर्थ 'ज्यात द्रव मुरवता येतो असा', लाकूड किंवा कागदाबद्दल. एकाच्या आत काही शिरत नाही, दुसऱ्याच्या आत सगळं मुरतं. संदर्भावरून ओळखायचं.

मराठीला हा शब्द समजणं किती सोपं आहे बघा. आपण गड 'घेतो'. किल्ला घेतला, ठाणं घेतलं, शहर घेतलं. इम्प्रेग्नेबल म्हणजे जो घेता येत नाही तो. बस्स. कोशातला अभेद्य हा प्रतिशब्द चालतो, रूढ आहे, पण त्यात भेदणं आहे, भोक पाडणं आहे. तो तटाला, चिलखताला, बचावफळीला जास्त शोभतो. आपला 'दुर्ग' हा शब्द या सगळ्यांत प्रामाणिक: जिथं जाणं अवघड तो दुर्ग. अवघड म्हणतो, अशक्य म्हणत नाही.

पूल ओलांडलात की अंधारी. कातळातून वर चढत जाणारा वळणावळणाचा भुयारी जिना. वटवाघळांचा वास पहिल्या पायरीपासून सुरू होतो. नाकाला रुमाल लावा आणि डोकं खाली ठेवा. पायऱ्यांची उंची एकसारखी नाही आणि ते मुद्दाम आहे: उजेडात चालणाऱ्याला फरक पडत नाही, अंधारात पळणारा तोंडावर पडतो. चांगला गाईड मध्यावर सगळ्यांना मोबाइल बंद करायला लावतो आणि विचारतो, "आता सांगा बरं, वर जायची वाट कुठंय?" सगळ्यांचं बोट एकाच दिशेला जातं, जिकडून जरासा उजेड येतोय तिकडं. "गेलात खंदकात," तो म्हणतो. उजेडाच्या त्या बाजूला वाट नाही, उतार आहे आणि त्याखाली खंदक. खरी वाट काळोखाच्या बाजूला. वरच्या तोंडाशी लोखंडी झाकण टाकून त्यावर आगटी पेटवायची आणि धूर आत लोटायचा अशी व्यवस्था होती. तिथं वारा खेळता ठेवायचं भोकही दाखवतात.

लहान मुलं, दमेकरी आणि कोंदट जागेची भीती असणारे यांनी इथून परत फिरलं तरी पैसे वसूल झालेले असतात. ज्येष्ठांना घेऊन आला असाल तर खंदकापर्यंत आणा, काठावर निवांत बसवा.

अंधारीतून बाहेर पडल्यावर गणपतीचं ठाणं, मग मोकळ्या पायऱ्या, मग बारादरी. शहाजहानशी तिचं नाव जोडलं जातं. तिच्या सज्जातून खालचे तटांचे पदर एखाद्या नकाशासारखे दिसतात. त्याच्याही वर माथ्यावर तोफ आणि जनार्दनस्वामींचं स्थान. एकनाथांचे गुरू जनार्दनस्वामी या गडाचे किल्लेदार होते, त्यामुळं पैठणकडची माणसं इथपर्यंत चढतातच.

माथ्यावर दम खाताना तिसरा शब्द काढा: इन्व्हिन्सिबल. यात जिंकणं आहे. आणि इथंच पत्रकांचं वाक्य खोटं पडतं, कारण हा गड एकदा नाही, अनेकदा दुसऱ्याच्या हाती गेलाय. कसा गेला ते मात्र बघण्यासारखं.

१२९६ मध्ये अल्लाउद्दीन खिलजी आला तेव्हा तो सुलतान नव्हता, चुलत्याच्या परवानगीशिवाय आलेला पुतण्या होता. देवगिरीचा यादव राजा रामदेवराय याचं मोठं सैन्य मुलाबरोबर बाहेर गेलेलं. राजा गडावर चढून बसला. अल्लाउद्दीननं हूल उठवली की मागून दिल्लीची आणखी मोठी फौज येतेय. जुन्या फारसी इतिहासात येणारी गोष्ट अशी, की घाईत गडावर चढवलेल्या गोण्या धान्याच्या म्हणून घेतल्या आणि उघडल्यावर निघालं मीठ. गोण्यांची गोष्ट खरी धरा वा नको, राजाला तह करावा लागला आणि प्रचंड खंडणी द्यावी लागली हे खरं. कातळ कोणी चढलं नाही.

१३२७ मध्ये मुहंमद तुघलकानं राजधानी इथं आणली, ती हाच भरवसा धरून. वीस वर्षांनी त्याच्याच अमिरांनी बंड करून गड बळकावला, म्हणजे आतूनच गेला. मग खुद्द सुलतान चालून आला, मैदानात जिंकला, बंडखोर बालेकिल्ल्यात शिरून बसले आणि तिथं त्याचं काही चालेना. तेवढ्यात गुजरातेत दुसरं बंड उठलं, तो तिकडं वळला, आणि १३४७ मध्ये बहमनी राज्य उभं राहिलं. गडानं आपल्याच मालकाला दाद दिली नाही. इम्प्रेग्नेबल या शब्दाचं याहून चांगलं उदाहरण मिळायचं नाही.

१४९९ मध्ये अहमद निजामशहाकडे आला तो भोवतालचा मुलूख हंगामाच्या तोंडावर वर्षानुवर्षं लुटून, गडाला जेरीस आणून. १६३३ मध्ये महाबतखानाच्या मोगली फौजेनं खालच्या तटांना सुरुंग लावले, तट फुटले; पण वर अडकलेल्या फत्तेखानाला, निजामशाहीचा वजीर मलिक अंबर याच्या मुलाला, खाली आणलं ते उपासमारीनं आणि रोगराईनं. आणि १७६० मध्ये सदाशिवरावभाऊंनी उदगीरजवळ हैदराबादच्या निजामाला हरवलं तेव्हा दौलताबाद मराठ्यांना मिळाला तो तहाच्या कागदावर. लढाई झाली उदगिरात, गड मिळाला अडीचशे-तीनशे किलोमीटर दूरचा.

आता तिन्ही शब्द ठेवून बघा. खालचे दरवाजे अनअसेलेबल म्हणावेत असे, कारण झेप घेता येत नाही. कातळ इम्प्रेग्नेबल, कारण चढून घेता येत नाही. पण इन्व्हिन्सिबल यातलं कोणीच नाही: ना गड, ना त्यातले राजे. हा शब्द मुळात जागेपेक्षा माणसाला, फौजेला, संघाला लावायचा. साताऱ्याच्या अजिंक्यताऱ्याच्या नावातच अजिंक्य आहे आणि तोही १७०० मध्ये औरंगजेबाकडे गेला होता. नाव ठेवायला हरकत नाही, व्याख्या म्हणून वापरू नये.

गडाबाहेर यातला सगळ्यात जास्त चालणारा शब्द अनअसेलेबल, तोही क्रिकेटमुळं. तीन सामन्यांच्या मालिकेत २-० झालं की इंग्रजी पेपर अनअसेलेबल लीड लिहितो, मराठी पेपर विजयी आघाडी. पाच सामन्यांत २-० झालं आणि तीन बाकी आहेत, तर नाही. एक सामना अनिर्णित राहून दोन बाकी असतील तरी नाही, कारण २-२ होऊ शकतं. मालिका हरणार नाही एवढंच नक्की. ३-० किंवा ३-१ झालं की मग हो. मराठीत काही जण इथं अभेद्य आघाडी लिहितात. आघाडीला कोणी भोक पाडत नसतं. विजयी किंवा निर्णायक म्हणा.

निवडणुकीत हीच आकडेमोड. विधानसभेच्या मोजणीत साधारण १४ टेबलं लावतात. समजा शेवटच्या दोन फेऱ्या उरल्या, म्हणजे २८ यंत्रं, आणि प्रत्येकात फार तर ९०० मतं पडलेली. उरली २५,२०० मतं. टपाली मतं मोजून झाली असतील आणि आघाडी २६,००० असेल तर ती अनअसेलेबल. उरलेली सगळीच्या सगळी मतं दुसऱ्याला पडली तरी फरक पडत नाही. आघाडी २०,००० असेल तर गुलाल उधळायला हरकत नाही, पण शब्द वापरायला आहे. तिथं ऑलमोस्ट किंवा व्हर्च्युअली लावा. व्हेरी लावू नका: हल्ला करता येतो किंवा येत नाही, 'खूप येत नाही' असं नसतं.

युक्तिवादाला अनअसेलेबल लावला तर मराठीत बिनतोड किंवा अकाट्य. साक्षीदार, चारित्र्य, बातमीचं मूळ यांना अनइम्पीचेबल. त्यातल्या इम्पीचच्या मुळाशी पायातली बेडी आहे, आणि ज्याच्यावर बोट ठेवता येत नाही तो असा अर्थ. निष्कलंक, निर्विवाद, वादातीत, जसं वाक्य तसं. हक्काला इन्व्हायोलेबल, आपला अबाधित. शरीराला इन्व्हल्नरेबल, ज्याला जखमच होत नाही. कवचकुंडलं असेपर्यंतचा कर्ण. ती दान केल्यावर नाही.

एक खास आपल्याकडचं उदाहरण. मराठवाड्यात जमिनीच्या वादात माणूस सातबारा पुढं टाकतो आणि म्हणतो, आता काय बोलायचं. त्याच्या मते कागद अनअसेलेबल. कायद्याच्या मते महसुली नोंद ही खोटी ठरेपर्यंत खरी धरायची, एवढंच तिचं बळ. समोरचा १९५४-५५ चं खासरा पाहणी पत्रक, म्हणजे जमिनीची जुनी सरकारी नोंद, किंवा जुनं खरेदीखत घेऊन आला की वाद सुरू. म्हणून वकिलाच्या इंग्रजी नोटिशीत सातबाऱ्याला अनअसेलेबल प्रूफ म्हटलेलं दिसलं तर समजायचं, की तट भक्कम दिसतोय पण सुरुंग लागू शकतो.

अनअसेलेबल लिहिताना चुका दोन. स्पेलिंगमध्ये एस दोनदा येतो आणि त्यानंतर ए-आय. पोरं एकच एस टाकतात. आणि आधी ॲन लागतो, अ नाही: ॲन अनअसेलेबल लीड. उच्चारात जोर से वर. इम्प्रेग्नेबलमध्ये जोर प्रे वर.

गाईडबद्दल. घ्याच, पण दारातच तीन गोष्टी ठरवा: पैसे किती, भाषा कोणती, आणि कुठपर्यंत. काही जण मेंढा तोफेपाशी निरोप घेतात आणि मग अंधारी तुमची तुम्हाला. 'बारादरीपर्यंत' हा शब्द आधीच उच्चारून घ्या. मराठीतून सांगणारा घ्या. इंग्रजीतल्या पाठ केलेल्या भाषणात इन्व्हिन्सिबल तीनदा येतो आणि १६३३ एकदाही येत नाही. गाईडला सरळ विचारा, "मग गेला कसा?" ज्याला उत्तर येतं त्याच्याबरोबर चढा.

पाचपैकी साडेचार. अर्धा कापला तो किल्ल्याचा नाही, त्याच्याबद्दल छापल्या जाणाऱ्या वाक्याचा. सहलीला शाळा आणणाऱ्या सरांनी पोरांना खंदकाच्या काठावर वीस मिनिटं बसवावं आणि वही काढायला लावावी. माथा राहिला तरी चालेल. चाळीस पोरांची रांग अंधारीत एकदम सोडू नका, दहा-दहाच्या टोळ्या करा, पुढं एक मोठा, मागं एक मोठा.

उतरल्यावर हंगाम असेल तर रस्त्याला सीताफळांच्या पाट्या लागलेल्या असतात. डोळे उघडलेलं, बोटानं जरासं दबणारं घ्या; कडक असेल तर घरी दोन दिवस तांदळात ठेवा. संध्याकाळी मावशी उरलेली पाटी निम्म्या भावात देतात, कारण पिकलेलं फळ उद्या विकलं जात नाही. इंग्रजीत त्यालाही एक शब्द आहे, अनसेलेबल. मधला एक अ गाळला की गडाची सीताफळं होतात, तेवढं पेपरात सांभाळा.